आंब्याच्या शेडमध्ये एम्सची खोली : कामाच्या नोंदी

६ ऑक्टोबर

जागा ठरली. आमची आंब्याची शेड पावसाळा लागला की रिकामी होते आणि फेब्रुवारीच्या अखेरीस पेट्या भरायला लागेपर्यंत रिकामीच असते. देवगड तालुका, समुद्र हाकेच्या अंतरावर. डिसेंबरमध्ये शाळेचं विज्ञान प्रदर्शन आहे. मी चित्रकलेचा शिक्षक, त्यामुळे दरवर्षी माझ्या वाट्याला तक्ते रंगवणं येतं. यंदा दृष्टिभ्रमाचे तक्ते नकोत, ज्यात माणूस उभा राहील असा भ्रम करायचा, असं ठरवलंय. माजी विद्यार्थ्यांनी वर्गणी कबूल केली आहे.

अॅडलबर्ट एम्स हा अमेरिकन माणूस. कायदा शिकला, चित्रकार व्हायला गेला आणि शेवटी डोळ्यांच्या अभ्यासात रमला. आम्ही करायला घेतलेली ही भ्रमाची खोली मूळची त्याची. एका छिद्रातून एका डोळ्याने पाहिलं तर साधी चौकोनी खोली दिसते. प्रत्यक्षात एक कोपरा खूप लांब असतो आणि एक जवळ. जवळच्या कोपऱ्यातलं पोर राक्षस दिसतं, लांबच्या कोपऱ्यातलं बुटकं.

मापं अशी काढली. आधी ‘भासाची खोली’ कागदावर मांडली : मागची भिंत छिद्रापासून २४० सेंमी, रुंदी २४० सेंमी, उंची १८० सेंमी, डोळा उंचीच्या बरोबर मध्यावर. छिद्रापासून प्रत्येक कोपऱ्याकडे दोरी ताणली आहे असं धरायचं. उजवीकडचे कोपरे आहेत तिथेच ठेवायचे. डावीकडचे कोपरे त्याच दोरीच्या रेषेत १.६ पट लांब न्यायचे. गणित एवढंच. त्यातून खरी खोली अशी निघते : उजव्या कोपऱ्याची उंची १८०, डाव्याची २८८, मागची भिंत तिरकी आणि ३४४ सेंमी लांब. उजवीकडची जमीन डावीपेक्षा ५४ सेंमी उंच. छिद्र शेडच्या लादीपासून १४४ सेंमीवर.

१३ ऑक्टोबर

पेटीच्या पुठ्ठ्याचं छोटं मॉडेल केलं, एक दशांश मापाचं. आत भाच्याची प्लास्टिकची माणसं ठेवली. डोळा लावून पाहिलं तर मजा येईना. खोली वाकडी आहे हे कळत होतं. मोबाइलने त्याच छिद्रातून फोटो काढला तर फोटोत खोली सरळ!

दोन दिवस डोकं खाजवल्यावर उलगडा झाला. मॉडेलमध्ये एक कोपरा डोळ्यापासून २७ सेंमीवर आणि दुसरा ४३ सेंमीवर. एवढ्या जवळच्या वस्तूंवर नजर जुळवताना डोळ्याच्या भिंगाला फोकस बदलावा लागतो आणि मेंदू त्या हालचालीवरूनही अंतर ताडतो. शिवाय एक सेंमीचं छिद्र या मापाला फार मोठं, डोळा जरा हलला की नजरेचा बिंदूच सरकतो. मोठ्या खोलीत दोन्ही अडचणी जवळजवळ संपतात. तेव्हा कोणी छोटं मॉडेल करून निराश झालं असेल तर काम सोडू नका. मॉडेल तपासायचं ते फोटो काढून.

भिंतीवर एक कोरा कागद चिकटवला आणि वर लिहिलं, ‘चुगल्या’. खोली वाकडी आहे हे मेंदूला जाऊन सांगणारी प्रत्येक गोष्ट तिथे लिहायची. पहिली नोंद : फोकस. दुसरी : हलणारा डोळा.

२० ऑक्टोबर

सांगाड्याला अकेशियाचे रनर, म्हणजे लाकडाच्या लांब पट्ट्या, घेतल्या. सुतार आबा आले. त्यांचं सगळं आयुष्य गुण्या (काटकोन तपासायचं हत्यार) आणि ओळंब्यात (खांब उभा सरळ आहे का ते पाहायची वजनाची दोरी) गेलंय. मापांचा कागद त्यांनी उलटा-सुलटा करून पाहिला आणि म्हणाले, “मास्तरांनू, ह्या वाकडा कित्याक करतास?” समजावून सांगितलं. मान डोलावली. मी चहा सांगायला घरात गेलो, परत येतो तर जमिनीच्या चौकटीचा डावा-मागचा कोपरा त्यांनी काटकोनात बसवून टाकलेला. हात ऐकत नाही त्यांचा. “गुण्यात नाय ता काम माझ्या नावार नको,” हेही वर ऐकवलं.

यातून एक पद्धत सापडली, ती सगळ्यांना सांगण्यासारखी आहे. सुताराला कोन सांगायचेच नाहीत. लादीवर चुन्याने बिंदू मारायचे, प्रत्येक बिंदूवर खांब ओळंब्यात उभा करायचा आणि खांबावर उंचीची खूण करायची. आडवे रनर खुणेपासून खुणेपर्यंत ठोकायचे. खांब सगळे खरोखर उभेच असतात, वाकडं असतं ते फक्त त्यांना जोडणारं. खांब ओळंब्यात आहेत म्हटल्यावर आबांचाही जीव शांत झाला.

२६ ऑक्टोबर

परतीचा पाऊस. शेडच्या पत्र्याखाली ठेवलेल्या प्लायला बाजूने ओल लागली आणि दोन तावांच्या कडा फुगल्या. स्वस्तातला कमर्शियल प्लाय घेतला होता. फुगलेली कड रंधून काढली, पण रंध्याने पातळ झालेल्या जागी भिंतीवर हलकी लाट आली. लाट म्हणजे सावली, सावली म्हणजे चुगली. ते दोन ताव छिद्राच्या पुढच्या पडद्याला वापरले, जिथे कोणी पाहत नाही.

स्क्रूही गंजायला लागलेत. खाऱ्या हवेत साधे स्क्रू घेऊ नका, पांढऱ्या रंगातून महिनाभरात तांबडे डाग वर येतात.

९ नोव्हेंबर

दिवाळीनंतर आज काम पुन्हा सुरू. जमीन झाली, १२ मिमी प्लाय, खाली दर फुटावर आडवा रनर. उतार उजवीकडून डावीकडे साधारण १० अंश. गुळगुळीत प्लायवर पुतणी धावत आली आणि घसरगुंडीसारखी थेट डाव्या भिंतीवर. लागलं नाही. रंगात बारीक चाळलेली वाळू मिसळायची ठरली.

मागच्या भिंतीचा डावा कोपरा २८८ सेंमी आणि प्लायचा ताव ८ फूट, म्हणजे २४४. वर ४४ सेंमीचं ठिगळ आलंच. ठिगळाचा सांधा आडवा, समपातळीत. भासाच्या खोलीत ती रेघ तिरकी दिसते आणि सगळं घालवते. लांबी (म्हणजे पुट्टी) भरून कापडी पट्टी मारली, वर पुन्हा लांबी. छिद्रातून आता दिसत नाही, पण या एका सांध्याने अख्खा रविवार खाल्ला.

छपराला प्लाय न घेता पैसे वाचवायला मांजरपाट ताणलं.

१६ नोव्हेंबर

आजचं काम सगळ्यात महत्त्वाचं : लाद्यांच्या आणि खिडक्यांच्या रेघा. नुसत्या पांढऱ्या खोलीत भ्रम लंगडा पडतो. मेंदूला ‘ही चौकोनी खोली आहे’ असं पटायला चौकटी लागतात, कारण जन्मभर त्याने चौकटींच्याच खोल्या पाहिल्यात.

सोपी युक्ती अशी की छिद्राच्या जागी प्रोजेक्टर ठेवायचा, त्यातून भासाच्या खोलीचं यथादर्शन चित्र (त्या बिंदूतून डोळ्याला दिसेल तसं) फेकायचं आणि पडेल तिथे पेन्सिल फिरवायची. जे भिंगातून निघालं ते त्याच बिंदूतून पाहताना सरळच दिसणार. शाळेचा प्रोजेक्टर आणला, रात्री अंधारात रेघा मारल्या. सकाळी छिद्रातून पाहतो तर जमीन आणि भिंत जिथे भेटतात तिथे प्रत्येक रेघ मोडलेली, वरची एकीकडे, खालची दुसरीकडे.

कारणं दोन निघाली. प्रोजेक्टर स्टुलावर ठेवून मी त्याचा डबा छिद्राच्या जागी आणला होता, भिंग मात्र चार बोटं खाली होतं. बिंदू भिंगाचा धरायचा. दुसरं, त्यात चित्र आपोआप चौकोनी करून घेण्याची सोय चालू होती. तिरक्या भिंतीला तो बिचारा आपल्या परीने सरळ करत बसला होता. ती सोय बंद केली. सगळ्या रेघा पुसून पुन्हा मारायला घेतल्या आणि वीज गेली.

उरलेलं काम दोऱ्याने केलं. छिद्राच्या जागी खिळा, त्याला दोरा. मध्ये भासाच्या भिंतीच्या जागी बांबूची चौकट उभी करून तिच्यावर सुतळीची जाळी बांधली. खिळ्यापासून दोरा जाळीच्या गाठीला चाटून पुढे ताणायचा, प्लायला टेकेल तिथे खूण. भाचा दोरा धरून, मी खूण करत. वेळ दुप्पट लागतो, पण चूक होत नाही. वीज भरवशाची नसेल तर थेट दोऱ्यानेच करा.

खिडक्यांमधून समुद्र दाखवायचा होता. तेव्हा एक गंमत कळली. क्षितिज नेहमी पाहणाऱ्याच्या डोळ्याच्या उंचीवर असतं आणि कोपरे दोरीच्या रेषेत कितीही लांब नेले तरी डोळ्याच्या उंचीवरचा बिंदू त्याच उंचीवर राहतो. त्यामुळे त्या अख्ख्या वाकड्या भिंतीवर खरोखर समपातळीत असलेली एकच रेघ आहे, समुद्राची, लादीपासून १४४ सेंमीवर. आबांनी पातळी पाहायची पाण्याची नळी लावून ती स्वतः मारली. दुसरी कुठलीही रेघ मारायला ते तयार नव्हते.

२३ नोव्हेंबर

रंग झाला. चकाकणारा ऑइल पेंट कुठेही नको, सगळीकडे मॅट. पहिल्यांदा दिवा लावून पाहिलं आणि तोंडावर आपटलो. छिद्राच्या वर एकच बल्ब लावला होता. उजवा कोपरा लख्ख, डावा काळवंडलेला. प्रकाश अंतराच्या वर्गाने कमी होतो, म्हणजे १.६ पट लांबच्या कोपऱ्याला निम्म्याहूनही कमी उजेड. मेंदू लगेच ओळखतो की तो कोपरा लांब आहे. त्यात उभ्या पोराची सावली भिंतीवर पडून वाटेल तशी मोडते.

उपाय : बल्ब काढला. पुढच्या चौकटीच्या आत, छिद्रातून न दिसणाऱ्या जागी एलइडी पट्ट्या. डावीकडे तीन, उजवीकडे एक आणि तिच्यावर बटर पेपर. मोबाइलने दोन्ही कोपऱ्यांचे फोटो काढून उजेड जुळवला. छपराचं मांजरपाट मध्ये झोळ खात होतं, तो झोळही या उजेडात दिसला. कापडावर पाणी मारून पुन्हा ताणलं आणि मध्ये चिव्याच्या (बारीक बांबूच्या) दोन काठ्या घातल्या.

चुगल्यांच्या कागदावर आता भरपूर ओळी झाल्यात. हे काम सुरू करताना वाटलं होतं की मेंदूला फसवायला काहीतरी खास करावं लागेल. तसं नाही. फसायला तो एका पायावर तयार असतो. आपला वेळ जातो तो चुगल्या बंद करण्यात.

२४ नोव्हेंबर

शेडच्या बाहेरच्या चिऱ्याच्या भिंतीवर ‘कॅफे वॉल’ नावाचा दृष्टिभ्रम रंगवून पाहिला. काळे-पांढरे चौकोन, प्रत्येक थर अर्धा सरकवलेला. मधल्या समांतर रेघा तिरक्या दिसायला हव्यात. इंग्लंडमध्ये ब्रिस्टॉलच्या एका कॅफेच्या टाइलांवरून रिचर्ड ग्रेगरी आणि प्रिसिला हर्ड या संशोधकांनी १९७९ मध्ये यावर लिहिलं. माझ्या भिंतीवर काहीच दिसेना. मधल्या रेघा मी पांढऱ्या सिमेंटच्या पांढऱ्याशुभ्र मारल्या होत्या. रेघेचा रंग काळ्या आणि पांढऱ्याच्या मधला लागतो, राखाडी, आणि रेघ बारीक. राखाडी केल्यावर थोडंफार जमलं, पण चिऱ्याचा खडबडीतपणा आड येतो. सोडून दिलं. गिलावा केलेली भिंत असेल तरच करा.

१ डिसेंबर

घरच्यांची चाचणी. आधी भोक इंचभराचं पाडलं होतं. काकू छिद्राला डोळा लावून डोकं डावी-उजवीकडे हलवायची आणि म्हणायची, “वाकडीच तर आहे.” डोकं हललं की जवळचा कोपरा जास्त सरकतो, लांबचा कमी, बिंग फुटतं. भोक १२ मिमीचं केलं आणि वर कपाळ टेकायला फोमची पट्टी लावली. मग जमलं. माणसाच्या दोन डोळ्यांत साधारण ६ सेंमी अंतर असतं, तेव्हा या भोकातून दोन्ही डोळे लावायचा प्रश्नच नाही.

छिद्र १४४ सेंमीवर, पण पाचवीची पोरं तिथे पोचत नाहीत. भोक खाली घेता येत नाही, कारण अख्खी खोली त्या एका बिंदूसाठी कापलेली आहे. वीस सेंमीचा पाट केला. मोठ्यांनी वाकायचं.

आबा दुपारी आले. कपाळ टेकवलं. बराच वेळ काही बोलले नाहीत. मग, “ही तर सरळ आसा!” शेडच्या मागून जाऊन वाकडी भिंत हाताने चाचपून आले, पुन्हा डोळा लावला, पुन्हा सरळ. आपण स्वतः ठोकलेली वाकडी खोली, तरीही सरळ. यावर ते थोडे रागावल्यासारखेच झाले.

७ डिसेंबर

खोलीबाहेर रांग लागेल, रांगेतल्यांना काहीतरी हवं, म्हणून पोकळ मुखवटा. ओळखीच्या गणपतीच्या कारखान्यातून गौरीच्या मुखवट्याचा साचा मागितला. त्यांनी रबरी दिला, तो उभा राहीना, गाल आत येऊ लागले. माळ्यावर एक जुना प्लास्टरचा सापडला, तो आणला. साचा म्हणजे आतून खोलगट चेहरा, नाक आत गेलेलं. आतून मॅट रंग दिला, डोळे आणि ओठ काढले. लांबून पाहिलं की चेहरा बाहेर आलेला दिसतो आणि आपण चालू लागलो की गौरी मान वळवून आपल्याकडे बघते.

पहिल्या संध्याकाळी हे होत नव्हतं. दिवा वरून होता. उजेड वरून येतो हे मेंदूचं पक्कं गृहीत असतं, सूर्यामुळे. खोलगट चेहऱ्यावर वरून उजेड पाडला तर तो खालून उजेड पडलेल्या चेहऱ्यासारखा, अनोळखी दिसतो. दिवा खाली नेला, काम झालं. दोरी बांधून लोकांना दोन मीटर लांब उभं केलं, कारण जवळ गेलं की दोन्ही डोळे मिळून खोलगटपणा पकडतात. साचा उलटा टांगला तर परिणाम बराच मंदावतो. चेहरा सुलटा असेल तरच मेंदू हट्टाला पेटतो.

१४ डिसेंबर

प्रदर्शन. सकाळी दहालाच रांग दारापर्यंत. एक पोर उजव्या कोपऱ्यातून डाव्या कोपऱ्यात चालत जाई आणि छिद्रापाशी ओरडा, “सर, हो बारको झालो!” हिशेबाने १४० सेंमीचं पोर डावीकडे गेलं की उजवीकडच्या मापाने ८७-८८ सेंमीचं दिसतं. पोरं ओळखीची असली तरी काही फरक पडत नाही. आपल्या वर्गातला मित्र आटला हे मान्य, पण खोली वाकडी असेल हे मेंदूला मान्य नाही.

एक जुनी अमेरिकन नोंद आहे की बायकोने नवऱ्याला या खोलीत पाहिलं तर तो कमी आटतो. पुढच्या तपासण्यांत ती ठामपणे टिकली नाही. गावात ही गोष्ट सांगितल्यावर जोडप्यांची वेगळी रांग झाली. सगळे नवरे व्यवस्थित आटले.

दोन अनपेक्षित गोष्टी. मुलींनी आत चेंडू सोडला. बाहेरून जमीन सपाट दिसते, चेंडू मात्र कोणी ढकलल्याशिवाय धावतो. हे इतकं आवडलं की दिवसभर चेंडूच चालला. आणि एका मुलाने हातात पाण्याची काचेची बरणी घेतली. बरणी जमिनीवर ठेवल्याबरोबर पाण्याची पातळी बरणीच्या तळाला तिरकी. चुगल्यांच्या यादीत हे माझ्या डोक्यात आलंच नव्हतं. पाणी आत नेऊ द्यायचं नाही, अशी पाटी लावली. मग दुपारी काढून टाकली, कारण ज्यांनी बरणी पाहिली त्यांना खोली वाकडी असल्याचा पुरावा समोर दिसत होता आणि तरीही ती सरळच दिसत होती. बरणीच वेडी वाटायची त्यांना.

मोबाइलवाल्यांचा त्रास झाला. फोटो सगळ्यांनाच हवा. मोबाइलला एकच डोळा, त्यामुळे फोटो उत्तम येतो, पण हल्लीच्या मोबाइलवर दोन-तीन भिंगं असतात आणि लोक भलतंच भिंग छिद्रावर धरतात. नेमकं कुठलं भिंग चालू आहे ते बोटाने झाकून पाहायला सांगणारा एक पोरगा तिथे बसवावा लागला.

संध्याकाळपर्यंत जमिनीचा वाळू मिसळलेला रंग डाव्या कोपऱ्यात पूर्ण उडाला. सगळी पोरं उतरून तिथेच ब्रेक मारतात.

२२ फेब्रुवारी

खोली उतरवली. पुढच्या आठवड्यात पेट्या येतील. प्रत्येक तावाच्या पाठीवर नंबर आणि बाण लिहिला, सांगाड्याच्या खांबांवरही. प्लाय माळ्यावर, उभा, खाली विटा.

हिशेब अंदाजे : ६ मिमी प्लायचे आठ ताव ८ हजार, १२ मिमीचे तीन ५१००, अकेशिया साडेचार हजार, रंग आणि लांबी ३ हजार, दिवे दीड हजार, आबांची मजुरी ६ हजार. २८ हजारांच्या आसपास. वाया गेलेला प्लाय आणि गंजके स्क्रू वगळले तर हजार-दीड हजार वाचले असते.

पुन्हा करेन तेव्हा १.६ ऐवजी १.४ पट घेईन. भासाच्या खोलीची उंची १८० ऐवजी १७४ धरली तर डावा कोपरा २४३.६ सेंमीचा होतो, म्हणजे ८ फुटी तावात बसतो आणि तो आडवा सांधाच येत नाही. मागची भिंतही ३०४ सेंमीवर येते, अडीच ताव पुरतात. उतार सात अंशांच्या आत येईल, पोरं घसरणार नाहीत. राक्षस थोडा कमी राक्षस दिसेल, पण चालेल. शेजारच्या गावच्या शाळेने सांगाडा मागितलाय. त्यांना चुन्याच्या बिंदूंचा नकाशा आणि चुगल्यांचा कागद दिलाय. प्रोजेक्टर त्यांनी त्यांचा आणायचा आहे.